"आर्मीने पुन्हा टचडाउन केलेला नाही!" – टोनी व्हर्ना आणि ७ डिसेंबर १९६३

पडीक प्रेक्षक (धागाकर्ता)

अमेरिकन फुटबॉल इथे फार कुणी बघत नसेल. मीही त्याचे नियम शिकलो ते उशिरा, आणि शिकलो तेही निम्मेच. तरी टीव्हीवर कुठलाही खेळ बघणारा माणूस रिप्लेसाठी ज्याचं थोडंफार देणं लागतो, अशा एका गृहस्थाबद्दल लिहायचं बरेच दिवस डोक्यात होतं.

नाव टोनी व्हर्ना. फिलाडेल्फियाचा, जन्म १९३३ चा. सीबीएस वाहिनीसाठी खेळांचं प्रक्षेपण दिग्दर्शित करायचा. म्हणजे मैदानाबाहेर उभ्या असलेल्या गाडीत बसून, समोरच्या पडद्यांवर नजर ठेवून, "दोन नंबर घ्या, आता तीनवर या" असं सांगत राहणारा माणूस. असल्यांचा चेहरा प्रेक्षकाला कधी दिसत नाही आणि नाव शेवटच्या पाट्यांमध्ये पळून जातं.

सामना होता आर्मी विरुद्ध नेव्ही. वेस्ट पॉइंटची लष्करी अकादमी आणि अॅनापोलिसची नौदल अकादमी १८९० पासून एकमेकांशी खेळत आल्या आहेत. हे कॉलेज फुटबॉलच, पण खेळणारी पोरं उद्याचे अधिकारी, त्यामुळे त्या सामन्याला एक वेगळंच वजन असतं. अध्यक्ष केनेडी स्वतः नौदलातले. १९६१ आणि १९६२ च्या सामन्यांना ते जातीने हजर होते. १९६३ चा सामना ३० नोव्हेंबरला ठरला होता. २२ तारखेला डॅलसमध्ये त्यांची हत्या झाली. सामना रद्दच करावा असं अनेकांचं म्हणणं होतं, पण तो व्हावा अशी केनेडी कुटुंबाची इच्छा होती म्हणून आठवडाभर पुढे ढकलून ७ डिसेंबरला फिलाडेल्फियाच्या म्युनिसिपल स्टेडियमवर खेळवला गेला. लाखभर प्रेक्षक, आणि वातावरण धड उत्सवाचं नाही, धड सुतकाचं नाही.

नेव्हीचा क्वार्टरबॅक (म्हणजे प्रत्येक चाल चालवणारा खेळाडू) रॉजर स्टॉबॅक त्या वर्षीचा देशातला सर्वोत्तम कॉलेज खेळाडू ठरला होता. त्याची खोड अशी की चेंडू याला दिल्यासारखा करायचा, त्याला दिल्यासारखा करायचा आणि शेवटी स्वतःच घेऊन पळायचा. समोरचे बचावपटू फसायचेच, कॅमेरामनही फसायचे. त्यात या खेळात दर चालीनंतर वीस-तीस सेकंद काहीच घडत नाही. पोरं उठतात, कपडे झटकतात, घोळका करून पुढची चाल ठरवतात. तेवढ्या वेळात दिग्दर्शकाने दाखवायचं काय? बँड, प्रशिक्षकाचं कपाळ, प्रेक्षकांतली टोपीवाली बाई. व्हर्नाच्या मनात आलं, की आत्ताच झालेली चाल या फटीत पुन्हा दाखवता आली तर?

आता गंमत अशी की यंत्र होतं. अँपेक्स कंपनीचं व्हिडिओटेपचं यंत्र १९५६ मध्ये आलं आणि त्याच वर्षी नोव्हेंबरात सीबीएसने ते बातम्यांसाठी वापरायला घेतलं. १९६३ पर्यंत सगळ्या मोठ्या वाहिन्यांकडे ती धूडं होती. अडचण वेगळी होती. टेप मागे घेऊन थांबवली आणि पुन्हा चालू केली की चित्र स्थिर व्हायला बरेच सेकंद जात. तोवर पडद्यावर नुसत्या फाटक्या रेघा. मागे घेताना चित्र दिसत नसे. आकडे दाखवणारं मीटर असलं तरी त्याचा भरवसा नाही. थोडक्यात, घडलेली गोष्ट टेपवर नक्की कुठे आहे हेच कळायचं नाही, आणि शोधायला तुमच्याकडे वीस सेकंद.

व्हर्नाची युक्ती इतकी साधी आहे की वाचून हसू येतं. टेपच्या कडेला आवाजाची एक जादा पट्टी असते. त्याने तिच्यावर 'बीप' टाकायला सुरुवात केली. खेळाडू घोळक्यात असताना एक बीप, रांगेत येऊन उभे राहिले की दोन. टेप मागे घेताना चित्र दिसत नसलं तरी आवाज ऐकू येतोच. बीप ऐकायचे, दोन आले की ओळखायचं की इथून चाल सुरू होते, आणि त्याच्या थोडं मागे जाऊन यंत्र सोडायचं, म्हणजे चाल सुरू होईपर्यंत चित्र स्थिरावलेलं असेल. माझ्या मते शोध म्हणायचा तर हा. यंत्र दुसऱ्यांचं, कल्पनाही कदाचित अनेकांना सुचली असेल, पण जागा कशी शोधायची ते याने सांगितलं.

न्यूयॉर्कहून अर्ध्या टनाहून जड यंत्र ट्रकमधून फिलाडेल्फियाला आणलं. निवेदक लिंडसे नेल्सन (रंगीबेरंगी चौकड्यांच्या कोटांसाठी प्रसिद्ध असलेले) यांना ही भानगड कळली ती मैदानाकडे जाताना टॅक्सीत. आणि मग सामनाभर ती फसत राहिली. स्टॉबॅकच्या चाली पुन्हा दाखवायच्या म्हणून पुनःपुन्हा प्रयत्न झाले. कधी चित्र स्थिरच झालं नाही. कधी, व्हर्नाने पुढे सांगितलंय त्याप्रमाणे, वापरलेल्या टेपवरचं जुनं चित्रीकरण मधूनच डोकावायला लागलं.

शेवटच्या सत्रात आर्मीचा क्वार्टरबॅक रोली स्टिचवे एका यार्डावरून घुसला आणि टचडाउन केला, म्हणजे चेंडू घेऊन समोरच्या संघाच्या शेवटच्या रेषेपलीकडे गेला. दोन बीप आले. गाडीतल्या पडद्यावर चित्र स्वच्छ दिसलं. व्हर्नाने ते प्रक्षेपणात सोडलं आणि देशभरच्या घरांत स्टिचवे पुन्हा एकदा रेषेपलीकडे गेला. नेल्सन ओरडले, "हे थेट नाही! मंडळी, आर्मीने पुन्हा टचडाउन केलेला नाही!"

अख्ख्या सामन्यात हे एकदाच जमलं. ज्याच्यासाठी एवढा घाट घातला तो स्टॉबॅक राहिला बाजूला.

---

चहाबाज

मी पयला!

भारी लिहिलंय. पण नेल्सन एवढे का ओरडले ते कळलं नाही. आपण आता रिप्ले बघतो तेव्हा दुसऱ्या क्षणाला कळतंच की हा रिप्ले आहे.

---

पडीक प्रेक्षक

चहाबाज, कारण तो संथ गतीत नव्हता. नेहमीच्या वेगाने, नेहमीच्याच आकाराच्या चित्रात, कोपऱ्यात काही खूण नाही, मध्ये काही फिरणारं चिन्ह नाही. आज रिप्लेच्या आधी-नंतर जे भिरभिरतं चिन्ह येतं ना, ते म्हणजे नेल्सनच्या ओरडण्याचीच सुधारित आवृत्ती समजा. त्याआधी कुठल्याही माणसाने चालू सामन्यात आत्ताच घडलेली गोष्ट तशीच्या तशी दुसऱ्यांदा घडताना पाहिलेली नव्हती. आर्मीने लागोपाठ दोन टचडाउन केले असं वाटणं अगदी साहजिक होतं.

---

शंकासूर

लेख रंजक आहे, पण 'पहिला' वगैरे म्हणण्यापूर्वी जरा सबुरीने घ्या.

कॅनडात सीबीसीचे निर्माते जॉर्ज रेट्झलाफ यांनी १९५५ च्या सुमारासच आइस हॉकीच्या प्रक्षेपणात गोल पुन्हा दाखवला होता. पडद्यावरचं चित्र फिल्मवर घ्यायचं, फिल्म घाईघाईने धुवायची आणि ओली असतानाच दाखवायची. अमेरिकेतही एबीसीचे रून आर्लेज आणि त्यांचे अभियंते बॉब ट्रॅकिंजर यांनी १९६१ मध्ये कॉलेज फुटबॉलमध्येच मध्यंतरात मंदगतीने चाली दाखवल्या होत्या. तेव्हा व्हर्नासाहेब तिसरे किंवा चौथे. अमेरिकन माणूस एकदा मुलाखती द्यायला लागला की सगळं त्यानेच शोधलेलं असतं.

---

पडीक प्रेक्षक

रेट्झलाफ यांचा उल्लेख राहिला, तुम्ही केलात ते बरं झालं. पण फिल्म धुऊन दाखवणं आणि मध्यंतरात दाखवणं हे 'मागे काय झालं' सांगणं आहे. पुढची चाल सुरू व्हायच्या आत, टेपवरून, खेळ न सोडता दाखवणं हे व्हर्नाचं. आणि आज जगभर जे चालतं ते याच वंशातलं आहे, ओल्या फिल्मच्या नाही.

---

शंकासूर

वंशावळ काढायला बसलो तर ट्रॅकिंजरही त्याच घराण्यातले निघतील. असो.

---

जुना टेपवाला

बऱ्याच काळाने माझ्या विषयाचा धागा आला. आयुष्याची काही वर्षं टेपच्या खोलीत काढली आहेत, म्हणून राहवत नाही.

धागाकर्त्यांनी 'चित्र स्थिर व्हायला बरेच सेकंद जात' एवढ्यावर भागवलंय. ते का, ते सांगतो. त्या अँपेक्सची टेप दोन इंच रुंद, सेकंदाला पंधरा इंच वेगाने जायची. पण तेवढा वेग चित्राला पुरत नाही. म्हणून चार 'हेड' एका चकतीवर बसवलेले, आणि ती चकती टेपला आडवी फिरायची, मिनिटाला १४,४०० फेरे. चित्राची एकेक फीत टेपवर आडवी लिहिली जायची. आता पुन्हा दाखवताना ती फिरणारी चकती आणि ती सरकणारी टेप यांचा मेळ असा बसला पाहिजे की प्रत्येक हेड बरोबर त्याच आडव्या रेघेवरून जाईल. थांबलेल्या यंत्राला हे साधायला वेळ लागतो. वजनदार चकती वेगात यायची, मग मोटारी एकमेकींशी जुळायच्या. तोपर्यंत पडद्यावर फाटाफाट. वर ही यंत्रं व्हॅक्यूम ट्यूबवर चालायची. गरम व्हायची, रुसायची. ट्रकमधून धक्के खात नेलेलं यंत्र दुपारभर चाललं हेच मला नवल वाटतं.

आम्ही काम सुरू केलं तेव्हा यू-मॅटिक होतं, नंतर बीटाकॅम आलं. म्हणजे पुष्कळच सुधारलेली यंत्रं. तरी संकलन करताना हव्या त्या जागेच्या पाच-सात सेकंद मागे जाऊन तिथून टेप पळवत आणायची हे आमच्या हाडीमाशी खिळलेलं. त्याला 'प्रीरोल' म्हणायचे. आमच्याकडे टेपवर प्रत्येक चौकटीचा क्रमांक लिहिलेला असायचा, यंत्र आपोआप जागेवर जायचं. व्हर्नाकडे यातलं काहीच नव्हतं. ज्यांनी कॅसेटवर मधलंच गाणं शोधायला पेन्सिल घालून रीळ फिरवलंय, त्यांनी तीच गोष्ट वीस सेकंदांत, सगळा देश बघत असताना करायची आहे अशी कल्पना करावी.

तो आवाजाची पट्टी वापरतो हे वाचून मी खुर्चीतच ताठ बसलो. अँपेक्सच्या टेपवर मुख्य आवाजाखेरीज एक 'क्यू'ची पट्टी होतीच, सूचना टाकायला ठेवलेली. ती असायची सगळ्यांच्या यंत्रावर. वापरायची कशी हे त्याला सुचलं.

जुनी चित्रं डोकावण्याबद्दल: टेप फार महाग होती, म्हणून तीच पुसून पुसून वापरायची. यंत्र मध्येच थांबवलं-चालवलं की नव्या चित्रणाच्या फटीतून मागचं डोकं वर काढायचं. आमच्याकडे एका सरकारी कार्यक्रमाच्या मध्ये असाच एका साबणाच्या जाहिरातीतला टबबाथ आला होता. कुठे ते विचारू नका.

---

वेंधळी

टेपवाले काका, टबबाथ 😂😂

माहितीपूर्ण प्रतिसाद. वाचतेय.

---

ओहायोकर

इथे अमेरिकेत येऊन बरीच वर्षं झाली, शनिवारी कॉलेज फुटबॉल हा आमच्याकडे धर्म आहे. धाग्यात स्टिचवेला 'ज्याचा रिप्ले दाखवला तो' एवढ्यावरच सोडलंय, ते बरोबर नाही. त्या दिवशीचा खरा नायक तोच होता असं माझं मत.

स्कोअर काय होता बघा. नेव्ही २१–७ ने पुढे. नेव्हीचे तिन्ही टचडाउन पॅट डॉनेली या फुलबॅकचे (क्वार्टरबॅकच्या मागे उभा राहून चेंडू घेऊन घुसणारा). म्हणजे तिथेही स्टॉबॅक नाहीच! मग स्टिचवेचा तो टचडाउन, जो देशाने दोनदा पाहिला. त्यानंतरचे दोन जादा गुणही स्टिचवेनेच पळून मिळवले, २१–१५. मग आर्मीने चेंडू पुन्हा आपल्यालाच मिळावा म्हणून मुद्दाम आखूड किक मारली आणि तो चेंडू झेपावून पकडला कुणी? पुन्हा स्टिचवेनेच. तिथून त्याने संघ पुढे पुढे ढकलत नेव्हीच्या दोन यार्डाच्या रेषेपर्यंत आणला.

आणि मग गोंगाट. एक लाखाहून जास्त लोक किंचाळत होते. क्वार्टरबॅक ओरडून जे सांकेतिक आकडे देतो ते त्याच्या स्वतःच्या संघाला ऐकू जाईनात. आर्मीकडे वेळ थांबवून घ्यायची सोय उरली नव्हती. स्टिचवेने पंचांना खूण केली, की ऐकू येत नाही. त्या काळच्या नियमात पंच अशा वेळी घड्याळ थांबवू शकत. एकदा थांबवलंही. पुन्हा सगळे रांगेत आले, पुन्हा तोच कल्लोळ, आणि यावेळी घड्याळ चालतच राहिलं. चाल सुरू व्हायच्या आत वेळ संपली. दोन यार्ड. आपल्याकडच्या दोन पावलांइतकं अंतर.

आता विचार करा, रिप्ले दाखवायला सर्वांत योग्य क्षण कुठला होता? ती शेवटची काही सेकंदं. पण तिथे चाल झालीच नाही, दाखवणार काय?

पुढच्या वर्षी, १९६४ मध्ये, दोघेही पुन्हा समोरासमोर आले आणि आर्मी ११–८ ने जिंकली. नेव्हीची सलग पाच वर्षांची मक्तेदारी स्टिचवेने मोडली. नंतर दोघेही व्हिएतनामला गेले. स्टॉबॅक नौदलाची सेवा संपवून १९६९ मध्ये डॅलस काउबॉइज या व्यावसायिक संघात आला आणि दोन सुपर बोल (व्यावसायिक फुटबॉलचे अंतिम सामने) जिंकून मोठा झाला. स्टिचवे १७३ व्या एअरबोर्न ब्रिगेडमधून लढला, परत आला आणि फुटबॉलच्या वाटेला गेला नाही. दोघांची मैत्री मात्र टिकली. त्या जोडीवर कुणीतरी स्वतंत्र धागा काढा राव, मला वेळ नाही.

---

अनाहूत

एक गोष्ट कुणी लिहिली नाही म्हणून लिहितो. लोकांनी 'तेच पुन्हा' बघण्याची सवय ७ डिसेंबरला लावून घेतली असं नाही. २४ नोव्हेंबरला, म्हणजे त्याच्या दोन आठवड्यांपूर्वी, डॅलसच्या पोलीस मुख्यालयात जॅक रूबीने केनेडींच्या हत्येचा आरोपी ओस्वाल्डला गोळी घातली ती एनबीसीवर थेट दिसली. आणि त्या दिवशी सगळ्या वाहिन्यांनी ती टेप पुनःपुन्हा दाखवली. व्हर्नाच्या रिप्लेचं कौतुक करताना हेही ध्यानात असावं. बघणारा डोळा तयार झाला होता, आणि तो कशावर तयार झाला ते फारसं बरं नाही.

---

पडीक प्रेक्षक

अनाहूत, मुद्दा रास्त आहे. मी लिहिताना तो टाळला होता खरा. एक फरक एवढाच की ओस्वाल्डच्या वेळी लोकांना ठाऊक होतं की हे मघाचं आहे. निवेदक सांगत होते. नेल्सनला ओरडावं लागलं कारण खेळात असं काही असू शकतं हेच कुणाच्या गावी नव्हतं.

---

पिट्सबर्गची सून

मला या धाग्यात वेगळाच माणूस आणायचा आहे. बॉबी ब्रूक्स. कुणी ऐकलंय? मीही नव्हतं ऐकलं. आमच्या घरापासून दक्षिणेला तासाभरावर वेन्सबर्ग नावाचं गाव आहे, छोटंसं कॉलेज आहे तिथे. त्या कॉलेजचा अभिमानाचा विषय म्हणजे टीव्हीवर दिसलेला पहिला कॉलेज फुटबॉल सामना. तो त्यांनी खेळला होता, आणि सपाटून हरले होते.

३० सप्टेंबर १९३९. न्यूयॉर्कच्या रँडल्स आयलंडवरचं ट्रायबरो स्टेडियम. फोर्डहॅम विरुद्ध वेन्सबर्ग. फोर्डहॅम तेव्हा देशातल्या बड्या संघांपैकी, आणि वेन्सबर्गला बहुधा सरावासाठी बोलावलेलं असावं असंच ते प्रकरण दिसतं. निकाल ३४–७. पण पहिले गुण कुणाचे? वेन्सबर्गचे! ब्रूक्स ६३ यार्ड पळत सुटला आणि टचडाउन केला. म्हणजे टीव्हीवरचा पहिलावहिला टचडाउन हरलेल्या संघाच्या, आज कुणाला आठवत नसलेल्या पोराचा.

आता मजा बघा. एनबीसीचं प्रायोगिक केंद्र डब्ल्यूटूएक्सबीएस, त्याचा प्रक्षेपक एम्पायर स्टेट इमारतीवर. लहरी पोहोचायच्या त्या न्यूयॉर्कच्या आसपास. त्या वेळी तिथे संच असतील ते हजारभरही नाहीत. वेन्सबर्ग पेनसिल्व्हेनियाच्या पार नैर्ऋत्य कोपऱ्यात. त्यामुळे ब्रूक्सचे आईवडील, मित्र, गाववाले, कुणालाही तो पळताना दिसला नाही. दिसला तो न्यूयॉर्कातल्या काही धनाढ्य अनोळखी लोकांना, आणि त्यांना तो कोण हे माहीत नसणार.

---

वेंधळी

अगं, किती छान! मग त्याचं चित्रण कुठे बघायला मिळतं का? कॉलेजने जपलं असेल ना?

---

पिट्सबर्गची सून

नाही गं वेंधळी. तेव्हा टीव्हीचं चित्र साठवायची सोयच नव्हती. टेप १९५६ ची, ती वर आलीच आहे. त्याआधी पडद्यावरचं चित्र फिल्मवर उतरवायची 'किनेस्कोप' पद्धत आली, तीही १९४७ च्या सुमाराला. १९३९ चं प्रक्षेपण म्हणजे हवेत गेलं आणि संपलं.

---

जुना टेपवाला

+१. आणि त्या वेळच्या कॅमेऱ्याला उजेड इतका लागायचा की संध्याकाळ कलली की चित्रातली माणसं काळपट ठिपके व्हायची. ब्रूक्स उजेडात पळाला असेल अशी आशा करू.

---

शंकासूर

त्या १९३९ च्या सामन्याचे निवेदक बिल स्टर्न होते, हेही नोंदवा. रेडिओवरचं फार मोठं नाव. त्यांची ख्याती अशी सांगतात की चेंडू घेऊन पळणाऱ्याचं नाव चुकलं आणि ते उशिरा लक्षात आलं, की स्टर्न बेधडक सांगायचे, "आणि त्याने चेंडू शेजारच्याकडे फेकला!" रेडिओ ऐकणाऱ्याला काय कळणार? पुढे घोड्यांच्या शर्यतीत क्लेम मॅकार्थी या निवेदकाने विजेता घोडा चुकीचा सांगितला, तेव्हा स्टर्ननी त्याची टर उडवली. मॅकार्थीने उत्तर दिलं म्हणे, "बिल, घोडा शेजारच्याकडे फेकता येत नाही."

व्हर्नाच्या रिप्लेने मेला तो हा धंदा. खेळाडूंचं काय व्हायचं ते होवो, पण निवेदकाला यापुढे थापा मारता येईनात. या बाबतीत मी व्हर्नाच्या बाजूने आहे, 'पहिला' असो वा नसो.

---

चहाबाज

शंकासूर कुणाच्या तरी बाजूने!! धागा वर्गात लावा.

---

दुसरी स्लिप

फुटबॉलमधलं मला शष्प कळत नाही, पण रिप्ले म्हटल्यावर क्रिकेटवाल्यांनी गप्प बसायचं म्हणजे अन्यायच.

व्हर्नाने रिप्ले आणला तो रिकामी फट भरायला, करमणुकीसाठी. निकाल द्यायला नाही. पंच चुकला हे घरोघरी दिसायला लागलं आणि पंचाला मात्र दिसत नाही, ही विसंगती अनेक वर्षं तशीच राहिली. अमेरिकेत व्यावसायिक फुटबॉलने रिप्ले पंचांच्या मदतीला घेतला १९८६ मध्ये, १९९१ नंतर कंटाळून सोडून दिला, १९९९ ला पुन्हा आणला. कॉलेजवाल्यांनी तर, जिथे हे सगळं सुरू झालं त्यांनीच, २००४ उजाडू दिलं.

क्रिकेट त्यांच्या मानाने चपळ निघालं. नोव्हेंबर १९९२, डर्बन. भारत-दक्षिण आफ्रिका पहिली कसोटी. जाँटी ऱ्होड्सने चेंडू अडवला, अँड्र्यू हडसनकडे फेकला, त्याने बेल्स उडवल्या. पंच सिरिल मिचली यांनी हवेत चौकोन काढला. वर बसलेले कार्ल लीबेनबर्ग यांनी टीव्हीवर बघून सांगितलं, बाद. तिसऱ्या पंचाने बाद दिलेला कसोटीतला पहिला फलंदाज, आपला वांद्र्याचा पोरगा. सचिन तेंडुलकर, ११ धावा.

म्हणजे फिलाडेल्फियात ज्याचा खेळ म्हणून जन्म झाला, त्याने पहिला बळी घेतला तो मुंबईकराचा. रागावू नये तर काय करावं!

एक मात्र कबूल. बाळ ज. पंडितांची मराठी कॉमेंट्री रेडिओवर ऐकताना रिप्लेची उणीव कधी भासली नाही. चेंडू कुठे पडला, किती वळला, फलंदाजाने काय केलं, सगळं दिसायचं. बिल स्टर्नसारखं तिथे काही शेजारच्याकडे फेकलं जात नसे, शंकासूर.

---

शंकासूर

पंडितांना कोण नाव ठेवतंय? 'थापा' हा शब्द स्टर्नपुरता होता.

---

ओहायोकर

दुसरी स्लिप, थोडी भर. संथ गतीचं म्हणाल तर ते व्हर्नाच्या टेपने सहज होत नव्हतं. त्यासाठी अँपेक्सने १९६७ मध्ये चुंबकीय तबकडीचं यंत्र काढलं, एचएस-१००. त्यात जेमतेम ३० सेकंदांचं चित्र मावायचं, पण हवं तिथे झटकन जाता यायचं आणि हवं तितकं हळू चालवता यायचं. त्यानंतर बीपचं काम संपलं. म्हणजे व्हर्नाची युक्ती तीन-चार वर्षंच जगली. नाव मात्र राहिलं. 'इन्स्टंट रिप्ले' हे शब्द १ जानेवारी १९६४ च्या कॉटन बोल सामन्यात पॅट समरॉल यांनी वापरले आणि ते चिकटले. (त्या सामन्यात टेक्सासने नेव्हीला २८–६ धुतलं. स्टॉबॅकला बिचाऱ्याला रिप्लेची साडेसातीच होती.)

---

वेंधळी

व्हर्नाचं पुढे काय झालं? श्रीमंत झाला का?

---

पडीक प्रेक्षक

वेंधळी, दिग्दर्शक म्हणून मोठं नाव झालं. पाच सुपर बोल केले, लॉस एंजलिसचं १९८४ चं ऑलिंपिक केलं. १९८५ च्या 'लाइव्ह एड' या मदतनिधीसाठीच्या संगीत कार्यक्रमाच्या प्रक्षेपणातही तो दिग्दर्शक होता. त्या कार्यक्रमाची अमेरिकेतली बाजू जिथे झाली ते फिलाडेल्फियाचं जेएफके स्टेडियम म्हणजे तेच १९६३ चं म्युनिसिपल स्टेडियम. केनेडींचं नाव त्याला १९६४ मध्ये दिलं गेलं. १९९२ मध्ये ते पाडलं. व्हर्ना २०१५ च्या जानेवारीत वारला.

पैशांचं म्हणाल तर बीपवर कुणी स्वामित्वधन देत नाही. यंत्र कंपनीचं, टेप वाहिनीची, टचडाउन स्टिचवेचा. दुसऱ्या वाहिन्यांनी बघितलं आणि उचललं.

---

जुना टेपवाला

टेपखोलीतल्या माणसाने केलेल्या कुठल्याही युक्तीचं हेच होतं. नवल नाही.

---

चहाबाज

एक बाळबोध शंका. वर ओहायोकर 'दोन जादा गुण' म्हणतात ते काय? टचडाउनचे किती गुण?

---

ओहायोकर

टचडाउनचे ६. त्यानंतर एक संधी मिळते. चेंडू खांबांमधून लाथाडला तर १ जादा गुण, सोपं काम. किंवा पुन्हा पळून अथवा फेकून रेषा ओलांडली तर २, हे अवघड. दोनवाला पर्याय कॉलेज फुटबॉलमध्ये १९५८ पासून आला.

आर्मी २१–१३ होती. एकच घेतला असता तर २१–१४, मग पुढच्या टचडाउनवर किक मारून फक्त बरोबरी. स्टिचवेने दोन घेतले म्हणून २१–१५. आता आणखी एक टचडाउन म्हणजे २१–२१ आणि वर एक साधी किक म्हणजे २२–२१, सामना खिशात. त्या शेवटच्या दोन यार्डांची किंमत तेवढी होती. टचडाउनचा रिप्ले सगळ्यांना आठवतो, पण सामना उघडा ठेवला तो त्या दोन गुणांनी, आणि ते कुणी पुन्हा दाखवले नाहीत.